साचा, पाटी आणि पेडल

‘मुलगा काय करतो?’ या प्रश्नाला पुण्यात पूर्वी ‘पोस्टात आहे’, ‘बँकेत आहे’ अशी उत्तरे येत. हल्ली बहुतेक घरांतून एकच उत्तर येते : ‘सॉफ्टवेअरमध्ये आहे.’ म्हणजे नेमके काय करतो, हे विचारण्याचे धाडस आपण करीत नाही. आणि समजावून सांगण्याचे तो करीत नाही!

माझा भाचा साताऱ्याकडचा. दहावीपर्यंत मराठी शाळेत शिकला आणि आता येथे संगणकशास्त्र शिकतो. ‘ऑब्जेक्ट ओरिएंटेड प्रोग्रॅमिंग’च्या इंग्रजी व्याख्या त्याला संध्येसारख्या पाठ, अर्थही संध्येइतकाच ठाऊक! एके दिवशी म्हणाला, “मामा, हे आपल्याला झेपायचं नाही. गावी जातो.” शेती करण्यात कमीपणा नाही, पण हरून परत जाणे वाईट. म्हणून मराठीचा मास्तर असूनही मी त्याचे पुस्तक घेऊन बसलो.

पाहतो तो काय, मंडळी ओळखीचीच निघाली! डाल आणि नायगार्ड या दोघा नॉर्वेकरांनी १९६७ साली ‘सिम्युला ६७’ नावाची भाषा सिद्ध केली. जगातल्या व्यवहारांची हुबेहूब नक्कल संगणकात उतरवावी, हा तिचा उद्देश. त्यासाठी नुसती हुकमांची यादी पुरेना. व्यवहारातली पात्रेच उभी करावी लागली. प्रत्येकाची माहिती त्याच्यापाशी आणि कामही त्याचे त्याच्यापाशी.

मी भाच्याला आपले वाचनालय दाखवले. ‘सभासद’ हे सामान्यनाम, म्हणजे ‘क्लास’. नाव, क्रमांक, घरी नेलेली पुस्तके ही त्याची माहिती. पुस्तक नेणे आणि परत करणे ही कामे. या साच्यातून निघालेले जोशी, कदम, शेख हे एकेक ‘ऑब्जेक्ट’. ‘बालसभासद’ हाही सभासदच. सगळे नियम त्याला वारशाने मिळतात, फक्त दोन पुस्तकांऐवजी एकच मिळते. सामान्य नियम आणि त्याला अपवाद : पाणिनीच्या घरचीच रीत ही!

राहिले ‘एन्कॅप्स्युलेशन’. ते पुणेकराला शिकवायचे म्हणजे माशाला पोहणे शिकवणे. आपण खिडकीशी चिठ्ठी देतो, पुस्तक मिळते. आत कपाटे लेखकवार लावली आहेत की विषयवार, याची चौकशी करायची नाही. उद्या ग्रंथपालांनी सगळी कपाटे फिरवली, तरी आपली चिठ्ठी तीच. बाहेरच्या पाटीवर लिहिले आहे तेवढेच विचारावे. आत डोकावू नये!

मग सायकल. पेडल झिजले की दुकानातून नवे आणावे. कोणत्या कारखान्याचे, हे पाहायचे कारण नाही. आटे जुळले की झाले. आज्ञावलीचेही असे तयार सुटे भाग दुकानात मिळावेत, ही कल्पना डग्लस मॅकिलरॉय यांनी १९६८ साली जर्मनीतल्या गार्मिश येथील परिषदेत मांडली. वारसा आणि सुटा भाग यांत फरक मात्र आहे. वारसा म्हणजे सामाईक वाडा : खालच्या मजल्यावर एक तुळई हलवली की वरची बिऱ्हाडे हादरतात. सुट्या भागाचा संबंध आट्यांपुरता. म्हणून दोन वस्तूंत थोडे साम्य दिसले की लगेच नाते जोडू नये, असे जाणते सांगतात. लग्न जमवणाऱ्यांनीही हे ध्यानात ठेवावे!

भाचा एकदम हुशार झाला, असे नाही. पण रात्री त्याने आपणहून ‘वाचनालय’ लिहायला घेतले. दोनदा अडला, तिसऱ्यांदा बालसभासदाला दुसरे पुस्तक नाकारले गेले, तेव्हा स्वतःशीच हसला. गावी जाण्याची भाषा तूर्त बंद आहे.

निगडीच्या पिंपरी चिंचवड कॉलेज ऑफ इंजिनिअरिंगमध्ये २०२१ साली संगणक अभियांत्रिकीची पदवी मराठीतून शिकवायला सुरुवात झाली, तेव्हा अनेकांनी नाके मुरडली. ‘नोकरी काय मराठीत मिळणार?’ प्रश्न खोटा नाही. इंग्रजी यायलाच हवे; शब्दही खुशाल इंग्रजी राहोत. परंतु मुलाला समजावताना त्याची स्वतःची भाषा दाराबाहेर का उभी करायची? आतले झाकून ठेवावे ते यंत्राने, मास्तराने नव्हे.