लायसन आधी आईचं

आमच्याकडे घरात नवी स्कूटी आली की कुणी तिला हार घालून नारळ फोडतं, कुणी फातिहा देतं, आणि गल्लीत पेढे दोघांचेही वाटले जातात. गाडी चालवणार कोण, हे मात्र कुणी विचारत नाही, कारण ते आधीच ठरलेलं असतं. बाप दिवसभर कामावर आणि आईला चालवता येत नाही, म्हणून किल्ली पोराकडे जाते. पोरगं असतं नववीत. आईला बाजारात, दवाखान्यात, माहेरी, बचत गटाच्या बैठकीला तेच नेतं. आई मागे बसून सांगते, "बेटा, आहिस्ता चला." तिच्या हातात तेवढंच असतं.

माझं म्हणणं एवढंच आहे की घरात गाडी आली की पहिलं लायसन आईचं निघालं पाहिजे. पोराचं निघेल त्याच्या वेळेला.

कायदा काय सांगतो ते आधी पाहू. १९८८ च्या मोटार वाहन कायद्यानुसार १८ वर्षांखाली गाडी चालवता येत नाही. १६ व्या वर्षी सवलत आहे, पण ती ५० सीसीपर्यंतच्या, गिअर नसलेल्या दुचाकीपुरती. आज शोरूममध्ये मिळणाऱ्या पेट्रोलच्या स्कूट्या १०० सीसीच्या वरच्या, म्हणजे त्या सवलतीचा काही उपयोग नाही. २०१९ च्या दुरुस्तीनं कायद्यात कलम १९९-अ आलं. अल्पवयीन मुलानं गाडी चालवताना गुन्हा केला तर पालक किंवा गाडीमालक दोषी धरला जातो. शिक्षा ३ वर्षांपर्यंत कैद आणि २५ हजार रुपये दंड. गाडीची नोंदणी १२ महिन्यांसाठी रद्द होते आणि त्या मुलाला वयाच्या २५ व्या वर्षापर्यंत लायसन मिळत नाही. ज्या पोराला आपण 'आईचा आधार' म्हणून गाडीवर बसवतो, त्याच्या पुढच्या नोकरीधंद्याचा रस्ताही आपणच असा धोक्यात घालतो.

१९ मे २०२४ ला पुण्यात कल्याणीनगरला आलिशान गाडीखाली दोन तरुण जिवांचा बळी गेला. गाडी १७ वर्षांच्या मुलाच्या हातात होती, असं पोलिसांचं म्हणणं. त्याला जामीन देताना ३०० शब्दांचा निबंध लिहायला सांगितला, तेव्हा अख्खा महाराष्ट्र संतापला. आमच्या शिक्षकांच्या ग्रुपवरही त्या निबंधावरचे विनोद फिरले. संताप रास्तच होता. पण त्याच आठवड्यात आमच्या गल्लीतली किती पोरं आईला मागे बसवून हायवेवरून गेली, हे कुणी मोजलं नाही. श्रीमंताच्या पोराची गाडी कोटीची आणि आमच्या पोराची हप्त्यावरची, एवढाच काय तो फरक. किल्ली देणारा हात दोन्हीकडे घरातल्याच मोठ्या माणसाचा.

आता आई का चालवत नाही, याची जी कारणं सांगितली जातात ती एकेक करून पाहू.

पहिलं कारण, 'आपल्यात बायका गाडी चालवत नाहीत.' हे वाक्य मी मुसलमान घरांत ऐकलंय तितकंच मराठा, लिंगायत घरांतही ऐकलंय. पण आमच्याकडे त्याला दीनचं नाव चिकटवलं जातं, म्हणून त्याबद्दल बोलते. बायकांनी वाहन चालवण्यावर बंदी घालणारा देश जगात एकच होता, सौदी अरेबिया. तिथे नोव्हेंबर १९९० मध्ये रियाधच्या रस्त्यांवर ४७ बायकांनी गाड्या चालवून निषेध केला आणि त्याची किंमत मोजली. सप्टेंबर २०१७ मध्ये राजाचा हुकूम निघाला आणि २४ जून २०१८ पासून तिथल्या बायका रीतसर लायसन घेऊन चालवू लागल्या. इंडोनेशिया, मलेशिया, इराण, पाकिस्तान, बांगलादेश इथे तर ही बंदी कधीच नव्हती. हदीसमध्ये उंटावर स्वार होणाऱ्या कुरैश स्त्रियांची तारीफ आहे. हजरत आयेशा उंटावर बसून लढाईच्या मैदानात गेल्या, म्हणून तर त्या लढाईचं नाव जंगे-जमल, उंटाची लढाई. उंट चालत होता तर स्कूटी का चालत नाही, याचं उत्तर मला अजून कुठल्या मौलानांनी दिलेलं नाही. खरं तर त्यांनी कधी मनाईही केली नाही. मनाई करतात ते गल्लीतले लोक.

दुसरं कारण, 'या वयात काय शिकायचं?' याचं उत्तर मी स्वतःच्या उदाहरणावरून देते. माझी शाळा गावापासून १५ किलोमीटरवर. कित्येक वर्षं एसटी, नाही तर काळी-पिवळी जीप, नाही तर कुणाच्या तरी गाडीवर मागे, असा माझा प्रवास. २०२१ च्या ऑक्टोबर अखेरीस एसटीचा संप सुरू झाला आणि पुढच्या एप्रिलपर्यंत चालला. लॉकडाऊननंतर शाळा नुकत्याच उघडल्या होत्या. मुलं वर्गात येत होती आणि बाई फाट्यावर उभ्या. कामगारांच्या मागण्यांशी माझं भांडण नव्हतं. पण आपली नोकरी, पगार आणि वेळ दुसऱ्याच्या चाकावर अवलंबून आहे, हे त्या सहा महिन्यांत हाडात शिरलं. चाळिशी ओलांडल्यावर मी शिकाऊ लायसनसाठी अर्ज केला. मार्च २०२३ पासून एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं, चांगलंच झालं. पण तिकीट अर्धं झालं म्हणून गाडी वेळेवर येत नाही.

शिकायला मला महिना लागला. तोल सांभाळणं चार दिवसांत जमलं. वेळ लागला तो वळताना मागे बघायला, आरशावर विश्वास ठेवायला आणि घाबरून दोन्ही पाय खाली टेकवायची सवय मोडायला. वय आड येतं ते एवढंच. उलट वयाचा फायदाही आहे. चाळिशीतल्या बाईला वेगाची हौस नसते, शर्यत लावायची नसते, स्टंट करून कुणाला दाखवायचं नसतं. देशात २०२२ साली रस्त्यांवर १ लाख ६८ हजारांहून जास्त माणसं मेली, त्यातली ४४ टक्क्यांहून अधिक दुचाकीवरची, आणि बहुसंख्य मृत्यूंचं कारण भरधाव वेग. मग घरातली सगळ्यात सावध व्यक्ती मागच्या सीटवर का?

तिसरं कारण कागदांचं, आणि हे खरंच अवघड आहे. आमच्या बायकांचं नाव शाळेच्या दाखल्यावर एक, आधारवर दुसरं. एकीकडे बापाचं नाव, दुसरीकडे नवऱ्याचं. कुठे 'बी', कुठे 'बेगम', कुठे 'शेख' आधी तर कुठे नंतर. चाळिशीनंतर डॉक्टरांचा दाखलाही लागतो, नमुना १-अ. २०२१ पासून राज्यात शिकाऊ लायसन आधारच्या आधारे घरबसल्या मिळतं, पण आधारवरचा मोबाइल नंबर बहुतेक वेळा नवऱ्याचा किंवा मुलाचा, म्हणजे ओटीपी त्याच्याकडे. पक्क्या लायसनसाठी निदान ३० दिवस थांबून चाचणी द्यायची. धाराशिवचं परिवहन कार्यालय अणदूरपासून साठ-सत्तर किलोमीटर. म्हणून लोक एजंट गाठतात. केंद्राच्या नियमात शिकाऊ लायसनची मूळ फी १५० रुपये आणि परीक्षेची ५०. एजंटाचा आकडा प्रत्येकानं आपापला आठवावा. काही ठिकाणी तर परीक्षाही दुसराच कुणी देतो आणि बाईला फक्त कॅमेऱ्यासमोर बसवतात. मी शिक्षिका आहे. दुसऱ्यानं लिहिलेल्या पेपरवर पास झालेला विद्यार्थी पुढे कुठे अडकतो, हे मला ठाऊक आहे. इथे तर तो अडकतो ट्रॉलीखाली.

शिकाऊ परीक्षेत रस्त्यावरच्या खुणा, अपघात झाल्यावर चालकाचं कर्तव्य, फाटक नसलेल्या रेल्वे क्रॉसिंगवर काय करायचं, सोबत कुठले कागद ठेवायचे, असे प्रश्न येतात. चार संध्याकाळी बसलं तर आठवी शिकलेल्या बाईलाही जमतं. पूर्वी व्यावसायिक वाहन चालवायला आठवी पास असण्याची अट होती, ती २०१९ मध्ये उठवली. त्यासाठी हरियाणा सरकारनं मेवातच्या ड्रायव्हरांचं उदाहरण दिलं होतं. हात कुशल, पण शाळा नाही, म्हणून पोट बंद. मेवात मुसलमानबहुल भाग. कागदाच्या अटीखाली कोण चिरडलं जातं, ते यावरून कळावं.

यात माझ्या विषयाचीही एक गंमत आहे. उर्दूच्या तासाला 'परवाना' म्हणजे शमेवर झेपावणारा पतंग. मराठीच्या तासाला 'परवाना' म्हणजे सरकारी परवानगी. दोन्ही शब्द फारसीतून आलेले. सरकारी मराठीत आता 'अनुज्ञप्ती' असतं, पण त्यासाठी करायचा तो अर्जच, जोडायचा तो दाखलाच, संपते ती मुदतच आणि लिहायची ती तारीखच. हे सगळे शब्द उर्दू शाळेतल्या पोरींच्या घरचेच. आरटीओची भाषा त्यांना परकी नाही, तिथे जायची सवय नाही एवढंच.

बाकी कागदांपेक्षा लायसन मला वेगळं वाटतं. आधार सांगतं की तुम्ही आहात, रेशनकार्ड सांगतं की तुम्ही कुणाच्या घरात आहात. लायसन सांगतं की तुम्हाला काय येतं. त्यावरही 'यांची पत्नी' असा रकाना असतोच, पण चाचणी पतीनं दिलेली नसते. तिशीच्या आत घेतलं तर ते चाळिसाव्या वर्षापर्यंत चालतं, मला मिळालं १० वर्षांसाठी. माझ्या विद्यार्थिनींना मी सांगते, लवकर घ्या, स्वस्तात पडतं.

पैशाचंही एक गणित आहे, ते नवऱ्यांनी वाचावं. पुष्कळ घरांत गाडी बायकोच्या नावावर घेतात. विम्यात गाडीमालक-चालकासाठी १५ लाखांचं अपघात संरक्षण असतं, पण त्यासाठी मालकाकडे वैध लायसन लागतं. बायको मालक आणि तिला लायसन नाही, म्हणजे ते संरक्षण तिच्या कामाचं नाही. चालवणाऱ्या पोराकडेही लायसन नसेल आणि त्यानं कुणाला उडवलं, तर विमा कंपनी जखमीला भरपाई देऊन ती मालकाकडून वसूल करू शकते. सर्वोच्च न्यायालयाच्या २००४ च्या स्वर्णसिंग निकालानं तो रस्ता मोकळा ठेवलाय. म्हणजे जमीन विकायची वेळ आईवरच.

'हायवे धोक्याचा आहे' हा आक्षेप मला मान्य आहे. सोलापूर-हैदराबाद महामार्ग आमच्या अणदूरला लागून जातो. गळीत हंगामात मागे दिवा नसलेल्या उसाच्या ट्रॉल्या, लांबचा वळसा टाळायला उलट्या बाजूनं येणाऱ्या दुचाक्या, हे रोजचं आहे. पण तो धोका मागे बसणाऱ्या बाईलाही तितकाच आहे, आणि तिच्या डोक्यावर बहुधा हेल्मेट नसतं. बुरखा, ओढणी, पदर चाकात अडकतो हेही खरं. त्यावर उपाय आहेत. गाडीला साडीगार्ड, बुरख्याचा घेर सीटखाली दाबलेला, डोक्यावर पिन न लावता सुती टोपी आणि त्यावर आयएसआय हेल्मेट. हिजाबनं हेल्मेटची सूट मिळत नाही आणि मिळूही नये.

या मातीत बाईचं घराबाहेर पडणं नवीन नाही. अणदूरच्याच हॅलो मेडिकल फाउंडेशननं, डॉ. शशिकांत अहंकारी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, कमी शिकलेल्या बायकांना 'भारतवैद्य' म्हणून तयार केलं आणि त्या गावोगावी औषधपाणी करू लागल्या. तिकडे सोलापूरहून १३ मार्च २०२३ ला मुंबईची वंदे भारत घेऊन गेल्या त्या साताऱ्याच्या सुरेखा यादव. त्याच वर्षी सासवड-नीरा मार्गावर अर्चना आत्राम यांनी एसटीचं स्टिअरिंग धरलं. रेल्वे आणि एसटी चालते, तर घरची स्कूटी चालायला हरकत नसावी.

करायचं ते फार मोठं नाही. परिवहन खातं तालुक्याच्या गावी कॅम्प घेतं, त्यातला एक दिवस बायकांसाठी राखून ठेवावा आणि मोठ्या गावांतही यावं. शाळांनी सुट्टीत सकाळी तासभर मैदान द्यावं. पालकसभेत उर्दू शाळांनी, जिल्हा परिषदेच्या शाळांनी विचारावं की तुमच्या घरची गाडी कोण चालवतं. बचत गटांनी कर्ज देताना गाडीबरोबर लायसनचा खर्चही धरावा. आणि ज्या बायकांना येतं त्यांनी शेजारणीला शिकवावं. माझ्यामागे आजवर तिघी शिकल्या, एक नणंद आणि दोन शेजारणी.

आमच्याकडे खंडोबाही अणदूरहून नळदुर्गला जातो तो दोन गावांत लेखी करार झाल्यावरच. देवाला कागद लागतो, तर माणसाला लागला म्हणून कमीपणा नाही. फक्त तो आईच्या नावाचा आधी निघावा, म्हणजे नववीतलं पोरगं मागच्या सीटवर, त्याच्या वयाला शोभेल तिथे बसेल.