वळिवड्यातले पोलंड

कोल्हापूरकडे घरात लग्न ठरले की बस्ता बांधायला गांधीनगर गाठायचे, ही जुनी रीत. कापडाची ही घाऊक पेठ फाळणीत घरदार सोडून आलेल्या सिंधी कुटुंबांनी उभारली, हे तिथे जाणाऱ्या बहुतेकांना ठाऊक असते. ही कुटुंबे पहिल्यांदा ज्या बराकींत उतरली, त्या मात्र त्यांच्यासाठी बांधलेल्या नव्हत्या. १९४३ ते १९४८ या काळात तिथे पाचेक हजार पोलिश माणसे राहत होती. त्यांत बायका आणि मुलेच जास्त. त्या मुलांच्या आठवणींत या जागेचे नाव आजही ‘वळिवडे-कोल्हापूर’ असे जोडूनच येते.

अलीकडे ही हकिगत आपल्याकडे बरीच सांगितली जाते. ऑगस्ट २०२४ मध्ये आपल्या पंतप्रधानांनी वॉर्सातल्या कोल्हापूर स्मारकाला वंदन केले, तेव्हा ती पुन्हा वर्तमानपत्रांत झळकली. सांगण्याचा सूर मात्र ठरलेला असतो: आपण किती मोठ्या मनाचे, आपण आसरा दिला. जामनगरचे जामसाहेब दिग्विजयसिंह यांनी पोलिश मुलांना बालाचडीत पोटच्या पोरांसारखे ठेवून घेतले, ती कथा आणि वळिवड्याची कथा यांची सरमिसळ होते. वळिवड्याची जमीन कोल्हापूर संस्थानातली, देखरेख ब्रिटिश हिंदुस्थान सरकारची आणि खर्च लंडनमध्ये परागंदा असलेल्या पोलिश सरकारचा. कोल्हापूरकरांच्या मायेला मी उणे लेखत नाही. इथे वाढलेल्या मुलांनी ती आयुष्यभर आठवली. पण वळिवड्यात जे उभे राहिले ते मुख्यतः त्या पाहुण्यांनीच उभे केले, आणि आपल्या सांगण्यात नेमके तेच राहून जाते.

ही माणसे आली कुठून? १७ सप्टेंबर १९३९ ला सोव्हिएत फौजा पूर्व पोलंडमध्ये शिरल्या. पुढच्या फेब्रुवारीत, ऐन थंडीत, कुटुंबेच्या कुटुंबे मालगाडीच्या डब्यांत कोंबून सायबेरियाकडे आणि उत्तर रशियाच्या जंगलांत लाकूडतोडीला पाठवली गेली; एप्रिल आणि जूनमध्ये आणखी गाड्या सुटल्या. हिटलरने रशियावर हल्ला केल्यावर जुलै १९४१ मध्ये स्टालिनने पोलिश सरकारशी करार केला आणि या लोकांना ‘माफी’ दिली. ज्यांनी कसलाच गुन्हा केला नव्हता त्यांना माफी! मग सुटलेल्या पोलिश लोकांतून उभ्या राहिलेल्या जनरल आंदेर्स यांच्या फौजेबरोबर १९४२ मध्ये एक लाखाहून अधिक माणसे कास्पियन समुद्र ओलांडून इराणच्या पहलवी बंदरात उतरली. सैनिक लढायला गेले. त्यांची बायकापोरे आणि वाटेत आईबाप गमावलेली मुले जगभर वाटली गेली: टांगानिका, युगांडा, मेक्सिको, न्यूझीलंड आणि आपले वळिवडे.

उपासमारीतून नुकती उठलेली ही माणसे. सहा महिने नुसती झोपून काढली असती तरी कुणी बोल लावला नसता. पण त्यांनी आधी शाळा काढल्या, प्राथमिक आणि माध्यमिकही. चर्च उभे राहिले, दवाखाना, नाटकाचा रंगमंच, दुकाने. स्काउटची पथके बांधली गेली. मुंबईहून एक पोलिश नियतकालिक निघू लागले. वांदा दिनोव्स्का, म्हणजे गांधीजींच्या सहवासातल्या उमादेवी, आणि मॉरिस फ्रिडमन यांनी ‘इंडो-पोलिश लायब्ररी’ सुरू करून पोलिश वाचकांसाठी भारतावरची पुस्तके काढली. हे फ्रिडमन म्हणजे औंध संस्थानच्या स्वराज्याच्या घटनेला हातभार लावणारे अभियंता. पुढे निसर्गदत्त महाराजांची मराठी निरूपणे त्यांनीच इंग्रजीत नेली. महाराष्ट्राने या माणसाचे ऋण नीट मानलेले नाही, असे मला फार वाटते.

वळिवड्यातल्या पोलिशांना हे सारे इतक्या झपाट्याने कसे जमले? कारण देशाविना देश चालवण्याची त्या समाजाला सव्वाशे वर्षांची सवय होती. १७९५ मध्ये रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया यांनी पोलंडची शेवटची वाटणी केली आणि १२३ वर्षे तो देश नकाशावर नव्हता. १८३०-३१ चा उठाव चिरडला गेल्यावर सरदार, सैनिक, कवी पॅरिसला गेले. तिथे त्यांनी १८३८ मध्ये ग्रंथालय काढले, ते आजही आहे. त्यांच्यामागून शेतकरी निघाले. या दुसऱ्या लाटेला पोलिश भाषेत ‘झा ख्लेबेम’ म्हणतात, म्हणजे भाकरीच्या मागे. ते शिकागोच्या कत्तलखान्यांत, पेनसिल्व्हेनियाच्या खाणींत, ब्राझीलमध्ये पारानाच्या रानांत पोचले. टेक्सासमध्ये तर १८५४ मध्येच सायलेशियातून आलेल्या कुटुंबांनी पान्ना मारिया हे गाव वसवले होते.

शिकागोतल्या पोलिश मजुराचा पगार तुटपुंजा, तरी त्याने पहिल्यांदा पैसे घातले ते चर्चमध्ये, आणि चर्चशेजारी शाळा, मयतफंडाची मंडळी, वर्तमानपत्र असा संसार मांडला. या संसारात भांडणेही कडाक्याची होती. पोलिश असणे म्हणजे आधी कॅथलिक असणे की आधी देशभक्त असणे, यावरून तिथल्या दोन मोठ्या संघटना वर्षानुवर्षे झगडत राहिल्या. पेनसिल्व्हेनियातल्या स्क्रँटनमध्ये प्रश्न रोकडा होता: चर्च बांधायला पैसा आमचा, मग मालकी बिशपची का? त्यातून १८९७ मध्ये वेगळे पोलिश राष्ट्रीय कॅथलिक चर्च निघाले. मला ही भांडणे समाज जिवंत असल्याची खूण वाटतात. पुढे पहिल्या महायुद्धात याच वस्त्यांतून वीस हजारांहून अधिक स्वयंसेवक पोलंडसाठी लढायला युरोपात गेले. त्यांतल्या कुणीही पोलंड कधी स्वतंत्र पाहिलेलाच नव्हता.

वळिवड्यातल्या शिक्षिकांच्या मागे ही शिदोरी होती. खडू हातात घेतलेली बाई फक्त बाराखडी शिकवत नव्हती. परत जायच्या देशासाठी नागरिक घडवत होती.

परत जाणे मात्र बहुतेकांच्या नशिबी नव्हते. फेब्रुवारी १९४५ मध्ये याल्टाच्या परिषदेत दोस्त राष्ट्रांच्या तीन बड्यांनी पूर्व पोलंड रशियाला देऊन टाकला. ल्वूफ, विल्नो ही त्यांची शहरे आता दुसऱ्या देशात गेली. ५ जुलै १९४५ ला ब्रिटन आणि अमेरिकेने लंडनच्या पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. ज्या मित्रांसाठी त्यांचे बाप आणि भाऊ इटलीतल्या मॉन्टे कॅसिनोच्या डोंगरावर मेले, त्यांनीच हे केले. हा विश्वासघात होता; त्याला दुसरा शब्द मी वापरणार नाही. ब्रिटनने १९४७ मध्ये पोलिश सैनिकांच्या पुनर्वसनाचा कायदा करून अंशतः भरपाई केली. वळिवड्याची बरीच कुटुंबे १९४७-४८ मध्ये तिकडे गेली, काही पोलंडला, काही ऑस्ट्रेलियाला, अमेरिकेला. एक मुलगी कोल्हापूरची सून होऊन इथेच राहिली. जे वारले, त्यांच्या कबरी कोल्हापुरात आहेत.

ब्रिटनमध्ये त्यांनी पुन्हा तेच केले: लष्करी छावण्यांच्या पत्र्याच्या घरांत संसार, शनिवारची पोलिश शाळा, चर्च, स्काउट. आणि मान्यता गेलेले सरकारही चालूच ठेवले. त्याचे शेवटचे राष्ट्राध्यक्ष रिशार्ड काचोरोव्स्की हे स्वतः कोलिमाच्या सोव्हिएत छावणीतून सुटलेले, आंदेर्सच्या फौजेतले आणि पुढे परदेशातल्या पोलिश स्काउटचे प्रमुख. २२ डिसेंबर १९९० ला त्यांनी वॉर्सात जाऊन पोलंडचे नवे राष्ट्राध्यक्ष लेख वालेंसा यांच्या हाती राष्ट्राध्यक्षपदाची जुनी चिन्हे सोपवली. पंचेचाळीस वर्षे कुणी विचारत नसताना ती जपून ठेवली होती.

निर्वासिताला छप्पर आणि धान्य दिले की आपले काम संपले, असे सरकारे मानतात. वळिवड्यात त्याहून अधिक मिळाले: आपली शाळा आपल्या भाषेत, आपल्या माणसांच्या हाताने चालवायची मोकळीक. आज कुठल्याही छावणीचा विचार करताना मी हीच गोष्ट आधी विचारतो: शाळा कुणाच्या भाषेत आहे?

वळिवड्यातून गेलेल्यांनी लंडनमध्ये मंडळ स्थापून आपल्या आठवणींचा जाडजूड ग्रंथ काढला. त्यांची बाजू लिहिली गेली. आता वळिवडे, उचगाव, कोल्हापूर इथल्या वाचकांना माझी विनंती आहे. तुमच्या घरातल्या कुणी या छावणीला दूध घातले असेल, भाजी विकली असेल, तिथे शिवणकाम किंवा सुतारकाम केले असेल, तर त्या आठवणी, फोटो, हिशेबाच्या वह्या शोधा. ज्यांनी ते पाहिले ते आता नव्वदीच्या आसपास आहेत. याच महिन्यात त्यांच्याजवळ जाऊन बसा आणि लिहून घ्या.