निकालानंतरचा अन्याय

कशेडी घाटाच्या परिसरात, पोलादपूर-महाडच्या डोंगरी गावांत, जमिनीचा निकाल लागणे आणि जमीन निर्वेधपणे मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १९४९ च्या कायद्याने खोती रद्द झाली. १ एप्रिल १९५७ या कृषक दिनी कूळ कायद्याने कसणाऱ्याला मालक मानले. कलम ३२ ग खाली किंमत ठरवावी, कुळाने ती भरावी आणि ३२ म चे प्रमाणपत्र घ्यावे, अशी व्यवस्था झाली. हे प्रमाणपत्र खरेदीचा निर्णायक पुरावा होय, असे कायदाच सांगतो. १९५८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही या सुधारणा वैध ठरवल्या. तरीही वाद जिवंत राहतो, तो अपिलांच्या आधारावर.

तहसीलदाराविरुद्ध प्रांताकडे अपील, प्रांताविरुद्ध महसूल न्यायाधिकरणाकडे फेरतपासणी, पुढे उच्च न्यायालय. अपिलाची मुदत ६० दिवसांची. परंतु ‘पुरेसे कारण’ दाखवणाऱ्यास विलंब माफ होऊ शकतो. मुंबईत वकील देऊ शकणाऱ्या जमीनदाराच्या वारसास असे कारण सापडते. एसटीने खेटे घालणाऱ्या कुळाची एक तारीख चुकली, तर ती मात्र बेपर्वाई ठरते. त्यात कशेडीखाली महामार्गाचे बोगदे झाले. रस्त्यालगतच्या जमिनीला भाव आला की विसरलेले हक्क आठवू लागतात, आणि मोबदल्याच्या वाटणीचा वाद दिवाणी न्यायालयात गेला की कसणाऱ्याचे पैसे अडकून पडतात.

अपिलाचे हे शस्त्र महाडला नवे नाही. चवदार तळे खाजगी मालकीचे असल्याचा दावा स्पृश्य पुढाऱ्यांनी डिसेंबर १९२७ मध्ये डॉ. आंबेडकर व त्यांच्या सहकाऱ्यांवर लावला आणि तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. त्यामुळे त्या महिन्यातला सत्याग्रह स्थगित करावा लागला. पुढे १९३१ मध्ये महाडला, १९३३ मध्ये ठाण्याला आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयात वादी हरले. तिन्ही पायऱ्यांवर हरूनही त्यांनी दहा वर्षे कमावली. प्रस्थापितांना अपील जिंकावेच लागत नाही. ते प्रलंबित राहिले तरी पुरते.

अपील हा गरिबाचाही हक्क आहे, असे सांगितले जाईल. ते खरेच आहे. तहसीलदाराची लहर रोखण्यास वरची पायरी हवीच. म्हणून मागणी अपील बंद करण्याची नाही, त्याला अंत असावा अशी आहे. कूळ कायद्याखालील स्वतःहून चौकशीचा अधिकारही वाजवी मुदतीतच वापरला पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे. जे बंधन सरकारी अधिकाऱ्यावर, ते जमीनदाराच्या वारसावर का नसावे?

प्रमाणपत्रानंतर अनेक वर्षांनी येणाऱ्या अपिलास विलंबमाफी मिळू नये. कुळाचे म्हणणे ऐकल्याविना स्थगिती दिली जाऊ नये. अपील फेटाळले गेल्यास कुळाचा खर्च अपीलकर्त्याने सोसावा. कायदा बदलेपर्यंत कार्यकर्त्यांनी गावोगाव प्रमाणपत्रे, फेरफार व सातबारे तपासून नोंदी पुऱ्या करून घ्याव्यात, आणि प्रत्येक तारखेला कुळासोबत उभे राहावे. कूळ एकटे पडले, तर त्याच्या बाजूचा निकालही कागदावरच राहील.