नोकरी आणि नाद

सरकारी नोकरीत कला मरते, असे आपल्याकडे छातीठोकपणे सांगितले जाते. सांगणाऱ्यांनी फ्रेंच टीव्हीच्या पडद्यामागे एकदा डोकावावे.

पॅरिसच्या रुआसी विमानतळावर २००५पर्यंत सूचनेआधी एक सूर वाजे: काचेवरून उजेड सरकावा तसा, काही सेकंदांत विरणारा. १९७१मध्ये तो बेर्नार पार्मेजानी यांनी बांधला. ‘दे नातुरा सोनोरुम’ या रचनेमुळे जाणकारांत त्यांचे नाव मोठे. पण मुळात हा माणूस सरकारी टीव्हीवरचा ध्वनितंत्रज्ञ. मूकाभिनय शिकलेला, ही आणखी एक गंमत.

१९५९मध्ये ते पिएर शेफर यांच्या ध्वनिसंगीताच्या गटात आले. शेफर रेडिओतले इंजिनिअर. १९४८मध्ये त्यांनी घंटेचा आवाज मुद्रित करताना टोल पडण्याचा क्षणच गाळला. मागे राहिला नुसता घुमणारा नाद. तो घंटेचा आहे हे ओळखू येईना! असल्या खुळावर सरकार पगार देत होते. १९६०मध्ये तर रेडिओ-टीव्हीचा अख्खा संशोधन विभाग शेफर यांच्या हाती दिला गेला. टेप पात्याने कापायची, तुकडे चिकटवायचे, पुन्हा ऐकायचे आणि नाही जमले तर पुन्हा कापायचे, असे तिथले काम. पार्मेजानींनी याच वातावरणात लघुपटांसाठी आणि टीव्हीसाठी आवाज घडवले.

याच विभागातून एप्रिल १९६८मध्ये ‘शाडोक’ ही कार्टूनमालिका आली. जाक रुसेल यांचे ते चक्रम पक्षी दोन-तीन मिनिटे दिसत. त्यांच्यासाठी आवाज रोबेर कोहेन-सोलाल यांनी केले. मालिका पाहून निम्मा देश खूश झाला, निम्मा खवळला. संतापाची पत्रे इतकी आली की ती वाचून दाखवण्याचाच वेगळा कार्यक्रम करावा लागला. जाहिरातदाराच्या पैशावर चालणाऱ्या वाहिनीने असली मालिका आठवड्यात गुंडाळली असती.

मग १९७४चा कायदा आला. सरकारी प्रसारण संस्थेची सात शकले झाली आणि संशोधन विभाग संपला. शेफर यांचा ध्वनिसंगीताचा गट तेवढा दृक्‌श्राव्य संग्रहालयाच्या संस्थेत जाऊन वाचला. पार्मेजानी, कोहेन-सोलाल यांची प्रतिभा त्यांची स्वतःची, यात वाद नाही. मात्र महिन्याचा पगार, हाताशी स्टुडिओ आणि चुका करण्याची मुभा या तिन्ही गोष्टी त्यांना एकाच छताखाली मिळाल्या होत्या. हे बाजाराने दिलेले नव्हते.

आता अनेक वाहिन्या तयार संगीताच्या साठ्यातून धून उचलतात. ते स्वस्त पडते. त्याच्या बाजूने याहून अधिक काही बोलता येत नाही.