खडा, नाद आणि नियम

अद्भुतकथेचा विषय निघाला की आपल्याकडे दोन टोकांच्या प्रतिक्रिया उमटतात. साहित्याचे अध्यापक (आणि त्यांत आम्हीही आलो) ती मुलांची करमणूक म्हणून बाजूला सारतात. तिचे तरुण वाचक मात्र तिच्यातली 'जादूव्यवस्था' रेल्वेच्या वेळापत्रकासारखी पाठ म्हणून दाखवतात : कोणत्या खड्यात कोणती शक्ती, ती किती वेळ टिकते, कोणाला वापरता येते. आमच्या मते दोन्ही पक्षांची चूक एकच आहे. जादूचा नियम कथेचा अर्थ घडवू शकतो, ही शक्यता दोघेही विचारात घेत नाहीत. स्फटिक आणि अनुनाद यांवर उभ्या असलेल्या दोन कलाकृतींच्या आधारे हे तपासून पाहावे असे आम्हांस वाटते.

अनुनाद आपल्याला परका नाही. सतारीच्या तरफांच्या तारा वादक सहसा छेडत नाही. वरची तार वाजली की खालची, तिच्याशी जुळलेली असेल तर, आपोआप बोलते. स्फटिकाचेही तसेच. क्वार्ट्झच्या घड्याळातला इवलासा स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो आणि त्यावर आपण वेळ पाहतो. म्हणजे अनुनादाच्या जादूची मूळ अट वास्तवातच आहे : जे आधी जुळलेले असते तेच प्रतिसाद देते. ही अट कथेत आली की प्रश्न केवळ शक्तीचा राहत नाही, नात्याचा होतो.

जिम हेन्सन आणि फ्रँक ऑझ यांनी दिग्दर्शित केलेला 'द डार्क क्रिस्टल' (१९८२) हा संपूर्णपणे बाहुल्यांचा चित्रपट. हजार वर्षांपूर्वी भंगलेल्या महास्फटिकाचा एक तुकडा जेन नावाच्या तरुणाला शोधायचा आहे. सारख्याच दिसणाऱ्या अनेक तुकड्यांमधून खरा ओळखायचा कसा? जेन बासरी वाजवतो आणि एकच तुकडा उजळतो. हा नियम कोणी समजावून सांगत नाही. पण तोच नियम पुढे भयंकर रूपात परततो. क्रूर स्केक्सिस आणि शांत मिस्टिक या दोन जमाती स्फटिक भंगला तेव्हा वेगळ्या झालेल्या. एका बाजूचा एक मेला की दुसऱ्या बाजूचा त्याचा जोडीदार त्याच क्षणी नाहीसा होतो. त्यामुळे शत्रूचा संहार हा विजय ठरूच शकत नाही. शेवटी तुकडा जागी बसतो आणि दोन्ही जमाती पुन्हा एक होतात. जादूच्या नियमातूनच कथेची नीती निघते, ती अशी.

ब्रँडन सँडरसन यांच्या 'ऱ्हिदम ऑफ वॉर' (२०२०) या कादंबरीचा मार्ग उलटा आहे. वाचकाला जादू जितकी समजलेली असेल, तितकीच तिच्या साह्याने लेखकाने पेच सोडवावेत, अशी भूमिका त्यांनी २००७ सालीच मांडली होती. येथे रत्नांत साठवलेल्या प्रत्येक प्रकाशाला स्वतःचा स्वर आहे. दोन विरोधी प्रकाश मिसळत नाहीत, असा समज आहे. नवानी ही बंदिवान राणी आणि रबोनिएल ही तिची शत्रू, दोघीही विदुषी; त्या एकत्र गातात, समान लय शोधतात आणि प्रकाश मिसळतो. परंतु याच संशोधनातून विरुद्ध स्वराचा, प्रकाशाचा समूळ नाश करणारा प्रकाशही जन्मतो. तो हाती येताच रबोनिएल आपल्या भ्रमिष्ट, अमर मुलीची त्याने कायमची सुटका करते. ज्ञानाची किंमत याहून स्पष्टपणे कशी सांगावी?

या कादंबरीतील प्रयोगांची काही पाने आम्हांला प्रयोगशाळेच्या वहीसारखी कंटाळवाणी वाटली, हे नाकारत नाही. नियम फार उलगडले की अद्भुत ओसरते, या आक्षेपात तथ्य आहे. पण तो आक्षेप नियमांच्या संख्येवर घ्यावा की त्यांच्या निष्फळतेवर? जो नियम कोणाकडूनच काही मागत नाही, तो कथेत ओझेच. या दोन शत्रूंचे एकत्र गाणे मात्र त्या सगळ्या नियमांशिवाय निव्वळ भाबडे वाटले असते.

आपल्या काव्यशास्त्राला हे नवे वाटू नये. आनंदवर्धनाने ध्वनीचा एक प्रकार सांगताना घंटानादानंतर रेंगाळणाऱ्या अनुरणनाची उपमा वापरली. वाच्यार्थ थांबल्यावरही काहीतरी निनादत राहते. आणि ते ऐकायला 'सहृदय' लागतो, म्हणजे कवीच्या हृदयाशी ज्याचे हृदय जुळलेले आहे असा वाचक. बासरीच्या सुराने उजळणारा तुकडा ही आम्हांला सहृदयाचीच प्रतिमा वाटते.

म्हणून विद्यार्थ्यांना आमचे सांगणे इतकेच की नियमावली पाठ झाली असेल तर आता विचारा, हा नियम कोणाला कोणाशी बांधतो आणि त्याची किंमत कोण मोजतो? आणि आम्हां अध्यापकांना सांगणे असे की एखादी कथा आपल्याशी बोलत नाही, तेव्हा दोष प्रत्येक वेळी खड्याचाच असतो असे नाही. कधी आपली तारच जुळलेली नसते.