मोबाइलचा भोंगा आणि गावचा मंडप

दिवाळी उलटली की झाडीपट्टीत नाटकांचा हंगाम सुरू होतो. मंडईच्या किंवा शंकरपटाच्या निमित्ताने भंडारा-गडचिरोलीच्या गावोगावी मंडप पडतात, वडसा-देसाईगंजच्या नाटक कंपन्यांना बोलावणे जाते आणि तिकीट काढून आलेला प्रेक्षक पहाटेपर्यंत हलत नाही. याच रंगभूमीच्या परशुराम खुणे यांना 2023 साली पद्मश्री मिळाली.

आज एकोडीसारख्या गावातला तरुण मोबाइलवर झाडीबोलीत प्रहसन करून यूट्यूबवर टाकतो, तेव्हा त्याला एकच सल्ला मिळतो : वेगळा दिस, रोज नवे टाक. हा सल्ला सारा भार एकट्या कलावंतावर टाकतो. माहितीची सुबत्ता झाली की लक्षाचे दुर्भिक्ष पडते, हे हर्बर्ट सायमन यांनी 1971 सालीच दाखवून दिले होते. आणि दुर्भिक्षात सत्ता कोठारवाल्याची असते. लांबीच्या चित्रफितींवरील जाहिरातीचा वाटा मिळण्यासाठी 1,000 सदस्य आणि वर्षभरात 4,000 तास पाहिले जाण्याची अट आहे. ती पुरी झाल्यावरही 45 टक्के उत्पन्न कंपनीचे. चित्रफीत कोणापुढे ठेवायची, हेही कंपनीच ठरवते. जून 2020 मध्ये टिकटॉकवर बंदी आली आणि असंख्य ग्रामीण कलावंतांचा प्रेक्षक एका रात्रीत नाहीसा झाला. बंदी योग्य की अयोग्य, हा वेगळा प्रश्न. पण तो प्रेक्षक कलावंताच्या हातात कधी नव्हताच, हे त्या रात्री उघड झाले.

नाटकाच्या मंडपातला प्रेक्षक गावाने जमवलेला असतो. स्थानिक मंडळ कंपनीशी बोलणी करते, तिकिटे खपवते, नफातोटा सोसते. ही व्यवस्थाही निर्दोष नाही. हंगाम सरला की अनेक कलावंतांना शेतीमजुरीकडे वळावे लागते. तरीही तेथे नाटक टिकते ते ओळखीमुळे, वेगळेपणाच्या शर्यतीमुळे नव्हे.

म्हणून मोबाइल टाकून द्यावा असे नाही. नागपूर-पुण्याला पोटासाठी गेलेल्या माणसापर्यंत गावची बोली त्यानेच पोहोचते. परंतु तो भोंगा आहे, मंडप नव्हे. कार्यकर्त्यांनी या मुलांना नाटक मंडळात घ्यावे, ग्रंथालयात त्यांच्या कामाचे जाहीर खेळ लावावेत आणि कंपन्यांनी निवडीचे नियम उघड करावेत, अशी मागणी धरावी. बोली सोडण्याचा सल्ला मात्र कोणी देऊ नये. तेवढे एकच भांडवल आज त्यांच्या स्वतःच्या मालकीचे आहे.