नांदण्याचा हुकूमनामा

नाशिकची वकीलमंडळी ज्याला ‘नांदायला येण्याचा दावा’ म्हणतात, तो हिंदू विवाह कायद्याच्या कलम ९ खालील अर्ज होय. आणि सज्ञान माणसाने कोणाच्या घरी राहावे हे न्यायालयाने ठरवावे, ही त्यामागची समजूत इतकी अंगवळणी पडली आहे की, तिच्याविषयी नुसती शंका काढणाराही संस्कृतिद्वेष्टा ठरतो.

पूर्वपक्ष असा की, विवाह हा संस्कार आहे, करार नव्हे, आणि तो मोडण्याची वाट सुलभ केली तर घरे उद्ध्वस्त होतील. ज्याला तो संस्कार वाटतो त्याने तो आमरण पाळावा, माझी तक्रार नाही. परंतु ज्या संस्काराच्या रक्षणास बेलिफ लागतो, तो संस्कार कसला? शिवाय हा दावा धर्मशास्त्रातून आलेलाच नाही. तो इंग्लंडच्या धर्मपीठीय न्यायालयांतून आला. अकराव्या वर्षी लग्न लागलेल्या आणि पतिगृही कधीच न गेलेल्या रखमाबाईंना जबरीने तेथे धाडणे हे रानटीपणाचे आहे, असे म्हणून न्यायमूर्ती पिन्हे यांनी १८८५ साली त्यांचे पती दादाजी भिकाजींचा दावा फेटाळला. अपिलानंतर मात्र १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी, नांदायला जा, नाहीतर सहा महिने कैद भोगा, असे फर्मावले. रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दाखविली, ‘केसरी’ने त्यांच्यावर कोरडे ओढले, आणि १८८८ मध्ये दादाजींना दोन हजार रुपये देऊन प्रकरण मिटल्यावर त्या विलायतेस जाऊन डॉक्टर होऊन आल्या. इंग्लंडने हा दावा १९७० च्या कायद्याने मोडीत काढला. आपल्याकडे १९२३ साली कैद गेली, जप्ती राहिली. आणि ज्या १९५५ साली रखमाबाई निवर्तल्या, त्याच साली हा दावा स्वतंत्र भारताच्या कायद्यात कलम ९ होऊन बसला. आंध्र उच्च न्यायालयाने १९८३ साली ते कलम घटनाबाह्य ठरविले, पण पुढच्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने ते वैध मानले.

बरे, या हुकूमनाम्याने संसार जुळतात, असे खुद्द कायद्याला तरी वाटते काय? हुकूमनामा होऊनही वर्षभर सहवास झाला नाही तर त्याच कारणास्तव घटस्फोट मागता येतो, असे तोच कायदा सांगतो. एरवी या दाव्याचा उपयोग ‘ती नांदायला तयार नाही’ असे रेकॉर्डवर आणून पोटगी चुकविण्याकडे होत आला. केवळ तेवढ्यावरून पोटगी नाकारता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाला जानेवारी २०२५ मध्ये सांगावे लागले.

दुसरा आक्षेप वजनदार आहे: वाट मोकळी झाली की पुरुष बायका टाकतील. सिन्नरात एका विवाहितेला जातपंचायतीने परस्पर काडीमोड देऊन भरपाई म्हणून एक रुपया ठरविल्याचे प्रकरण उघडकीस आले होते. पण त्यात स्वातंत्र्याचा अतिरेक झाला असे कोण म्हणेल? त्या बाईची संमती कोणी विचारलीच नव्हती. जे पंच परस्पर मोडतात आणि जो हुकूमनामा परस्पर जोडतो, त्या दोघांनाही सज्ञान व्यक्तीच्या इच्छेची मातब्बरी वाटत नाही. टाकलेल्या स्त्रीचे रक्षण पोटगीने, निवाऱ्याने आणि मुलांच्या तरतुदीने होते, सक्तीच्या सहवासाने नव्हे. गंभीर आर्थिक हालअपेष्टा होत असतील तर पत्नीला घटस्फोटास हरकत घेता यावी, अशी तरतूद असलेले २०१० चे विधेयक राज्यसभेने २०१३ मध्ये मंजूर केले, लोकसभेत ते बारगळले, आणि त्याविषयी कोणा संस्कृतिरक्षकाने हळहळ व्यक्त केल्याचे ऐकिवात नाही!

परस्परसंमतीची कथा तर आणखी विचित्र. वर्षभर विभक्त राहिलेल्या दोन शहाण्या माणसांना अर्जानंतर पुन्हा सहा महिने थांबावयाचे. ही अट माफ करण्याची मुभा सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये दिली खरी, पण ती न्यायाधीशाच्या मर्जीवर. विवाह पार कोलमडला असेल तर अनुच्छेद १४२ खाली तो संपविता येतो, असे घटनापीठाने १ मे २०२३ रोजी म्हटले. मात्र तो अधिकार एकट्या सर्वोच्च न्यायालयाचा. निफाडच्या बाईने त्यासाठी दिल्ली गाठावी काय?

तेव्हा संसदेने कलम ९ रद्द करावे, सहा महिन्यांची सक्ती उठवावी, आणि नांदविण्यासाठी राखून ठेवलेली जप्ती थकलेल्या पोटगीच्या वसुलीकडे वळवावी.